मरणकाकांचं वाक्य

मरणकाकांइतकं सुरेख मरणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. ते इथे अमेरिकेत, एडिसनमधले आमचे शेजारी, लेकीकडे राहायला आलेले इटालियन गृहस्थ. तरुणपणी तिकडच्या सिनेमांत काम करायचे. कधी गोदीतला हमाल, कधी संपकरी, कधी गुंडांचा खबऱ्या. आणि बहुतेक वेळा मध्यंतराआधीच गोळी खायचे. आमची रेवा आणि आजूबाजूची पोरं त्यांना लॉनवर मरून दाखवायला लावायची. "आधी गुडघा. चेहरा सगळ्यात शेवटी, कॅमेरा त्याच्यासाठीच थांबलेला असतो," असं समजावत ते पंचाहत्तरीतही गवतावर कोसळायचे. नाव पोरांनीच ठेवलं. माझी बायको म्हणाली, "काय बाई अभद्र!" काका मात्र अर्थ विचारून घेऊन खूश झाले.

एक गोष्ट त्यांच्या मनाला लागून राहिली होती. तिकडे आवाज शूटिंगनंतर वेगळा भरायचे, आणि यांची बोली पडली खेडवळ. त्यामुळे प्रत्येक सिनेमात यांच्या तोंडी दुसऱ्याच कुणाचा तरी भारदस्त आवाज. "वीस वेळा मेलो," ते म्हणायचे, "पण एकदाही स्वतः ओरडलो नाही."

इथल्या मराठी मंडळाच्या स्नेहसंमेलनासाठी मी एकांकिका बसवत होतो. तिच्यात तिरडीवरचा म्हातारा शेवटी उठून बसतो आणि म्हणतो, "मला भूक लागली आहे." आता तिरडीवर झोपणार कोण? तीस-तीस वर्षं अमेरिकेत काढलेले डॉक्टर, इंजिनीयर, पण एकेकाच्या घरून फोन आले, "यांना ते प्रेताचं काम नको हं." शेवटी काकांना विचारलं. त्यांनी एवढंच विचारलं, "वाक्य आहे?"

रेवाने त्यांना ते शिकवलं. टोमॅटोला पाणी घालतानाही ते पुटपुटत असायचे. पण काही केल्या तोंडात 'भूक लागला'च यायचं. रंगीत तालमीला माझा धीर सुटला. म्हटलं, "काका, तुम्ही नुसते ओठ हलवा. वाक्य मी विंगेतून म्हणतो."

ते तिरडीवर उठून बसले. नाकातले कापसाचे बोळे काढून माझ्या हातावर ठेवले आणि म्हणाले, "मग प्रेतही दुसरं शोध."

"बाबा, दॅट्स सो मीन," रेवा म्हणाली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी माफी मागितली आणि बोळे परत दिले.

प्रयोगात ते उठले आणि शेवटच्या रांगेपर्यंत खणखणीत ऐकू गेलं, "मला भूक लागला!" सगळं थिएटर हसलं, मग टाळ्या थांबेनात. कुणीतरी वन्स मोअर दिला. काका शांतपणे परत आडवे झाले आणि परत उठले.

गेल्या हिवाळ्यात ते खरोखरच गेले. चार दिवसांनी त्यांच्या लेकीने आम्हाला बोलावून त्यांचा एक जुना सिनेमा लावला. पडद्यावर ऐन पंचविशीतले काका बोलायला लागले आणि तो परका आवाज आला. मला रडू आवरेना. रेवाने रिमोट उचलला आणि आवाज बंद केला.

काकांचे नुसते ओठ हलत होते. रेवा त्यांच्याच सुरात म्हणाली, "मला भूक लागला."