मराठीत सांग

गॅरेजात काळ्या रंगाचा वास आला की माझं डोकं फिरतं. एकाहत्तरच्या लढाईत ब्लॅकआउटसाठी दिवे अर्धे काळे रंगवून आमचा ट्रक सरकारने नेला. गाड्या ताब्यात घ्यायला सरकारने नेमलेला अधिकारी आमच्याच गल्लीतला एक वकील होता. मी माझ्या वडिलांसोबत, आबांसोबत त्याच्याकडे गेलो.

“भाऊ, एकच गाडी शे मन्ही. मिरची सडी ऱ्हायनी.” माल सडतोय म्हणून आबा अहिराणीत विनवत होते.

घरी अहिराणीच बोलणारा वकील शिपायाकडे वळला. “काय म्हणतोय हा? मराठीत सांग म्हणावं.”

शिपाई हसला. आबा अडखळले, “साहेब... काही नाही,” म्हणून निघाले.

तेव्हा मला शिपायाचा राग आला होता. आता वकील मरून गेला तरी त्याच्याशी माझं भांडण मिटलेलं नाही. लढाई संपल्यावर ट्रक परत आला. आबा मात्र त्यानंतर घरात माझ्याशीसुद्धा मराठीच बोलायचे, मोडकी, घाबरत.