सुदामनं काढलेला जिनिंगचा फोटो

सुदाम गेल्याचा फोन आला, तेव्हा मी पांढरकवड्याला त्याच्याकडंच निघालो होतो. जुन्या फिल्म काढून ठेवतो, एखादीत तरी शेवंताचा चेहरा सापडंल, असं तो म्हणाला होता. शेवंता माझी बायको. ती जाऊन वर्षं झाली, अन् घरात तिचा एक फोटो नाही...

मी चौथी शिकलो, पण पाहिलेलं सांगायला कोणाला विचारत नाही. सारा कापूस सरकारच घ्यायचं, त्या काळात मी अन् शेवंता सहकारी जिनिंगमध्ये सरकी काढायच्या रेच्यावर होतो. सुदाम लाल झेंड्याचा माणूस. कामकऱ्यांचं राज्य येईल तेव्हा ते कोणाच्या हातांनी उभं झालं हे दिसलं पाहिजे, म्हणून चालू कामाचेच फोटो काढायचा. रुई पेटंल म्हणून आत फ्लॅशला बंदी. मग त्या अंधारात कॅमेरा तिपाईवर ठेवून भिंग बराच वेळ उघडं ठेवायचा, पण कोणाला थांबा म्हणायचा नाही. एकदा मी मात्र टोपी सरळ केली अन् ताठ उभा राहिलो. बाया हसल्या.

फोटो आला, तर साऱ्या रांगेत मी एकटा. हलणारी माणसं पांढरा धूर होऊन गेलेली. शेवंता माझ्या बाजूलाच, पण तिच्या अंगातून मागचा रेचा दिसतो.

"सारे कामावर अन् तू एकटा फोटोत. कामचुकार हायेस लेका," सुदाम म्हणाला.

"मंग पुन्हा काढ. तिले उभी करून."

"उभी केली तं शेवंता येईन, काम नाही येनार."

तो हटला नाही, मीही दुसऱ्या कोणाकडून फोटो काढवला नाही. पुढं कापसाचे दिवस फिरले, जिनिंगला कुलूप लागलं, धुरातली माणसं एकेक करून गेली. शेवंताही. तेव्हा कुठं सुदाम नरमला.

सुदामची तेरवी झाल्यावर त्याच्या पोरीनं एकेक फिल्म उजेडाला धरली. फिल्मवर तो धूर काळा दिसतो. दर फिल्मवर तीच काळी सावली, कधी रेच्यापाशी, कधी दाराशी...

"काका, काकू साऱ्यात हाये. तोंड कुठीच नाही," पोरगी हळूच म्हणाली.

तो जुनाच फोटो मोठा करून मी भिंतीवर लावला. सून हार घेऊन आली अन् थबकली.

"मामाजी, याच्यात तं तुमीच दिसता. जित्या मानसाले हार कसा घालू?"

"तुही सासू बी त्याच्यातच हाये. घाल."

तिनं घातला. हार नेमका माझ्या तोंडावर आला. ती सरकवायला गेली, मी नको म्हणालो. आता फोटोत माझ्या जागी फुलं आहेत, अन् बाजूला तो धूर. परवा सुनेनं विचारलं, धूर आधी इतका दाट होता का... मी म्हणालो, होता.