हुलग्याचं फडकं

शेवंताबाई सिस्टर कुणाच्या दाराची कडी वाजवत नसत. ओट्यापाशी उभ्या राहून त्या घरात जन्मलेल्या पोराच्या नावानं हाक मारत. "रमजानच्या आई, पाव्हणं आल्यात. उपाशी हायत." रमजानला एव्हाना मिशा फुटलेल्या होत्या आणि तो भिगवण स्टेशनवर मालगाडीतली पोती उतरवत असे, पण सिस्टरच्या लेखी तो त्यांनी पाय धरून उलटा केलेला रमजानच. दार उघडत असे. भिगवणातली निम्मी पोरं पहिल्यांदा त्यांच्याच हातात रडली होती. त्यांना दार कोण लावणार?

सरकारी दवाखान्यातून निवृत्त झाल्यावरही त्या पांढरीच साडी नेसत. मनगटावर पुरुषी घड्याळ, हातात बारमाही छत्री. छत्री ऊनपावसासाठी नव्हे, बोट म्हणून. "ते बघा" म्हणत छत्री पुढं करायच्या आणि समोरचा माणूस दचकून मागं सरायचा.

मी तिथल्या हायस्कुलात इतिहास-भूगोल शिकवत होतो. नव्वदनंतरची वर्षं. थंडीत उजनी धरणाच्या फुगवट्यावर रोहित पक्षी उतरत आणि ते बघायला पुण्याहून माणसं येत. सकाळी होडीतून पक्षी बघून झाले की दुपारी त्यांना काही उद्योग नसे. असाच एक कंपू चहाच्या टपरीवर मला विचारत आला, इथं आणखी काय बघण्यासारखं आहे? मला सुचेना. सिस्टर तिथंच चहा पीत बसल्या होत्या.

"लांबनं आलेली पाखरं बघितली न्हवं?" त्या म्हणाल्या. "मग लांबनं आलेली माणसंबी बघा. चला. आन् नुसतं बघून न्हाय हं, खाऊन."

तिथून सिस्टरची फेरी सुरू झाली. पुढं ती इतकी गाजली की लोक पक्ष्यांऐवजी फेरीची चौकशी करत येऊ लागले.

"ह्या गावात मूळचं कोणच न्हाय," हे त्यांचं सुरुवातीचं वाक्य ठरलेलं. "रेल्वे आली म्हणून मारवाडी आलं. पाणी आलं म्हणून मासेवाले आले. ज्यांची गावं पाण्यात गेली ते वर सरकून हितं आले. मी नोकरीपायी लासुर्ण्याहून आले. आन् हे पाणीतरी कुठं हितलं? तेबी पाव्हणंच."

पहिलं घर नरसम्माचं, पाण्याच्या कडेला. तिची माणसं तेलंगणातून नदीनदीनं मासे धरत इथवर आली होती. ती तव्यावर चिलापी तळून द्यायची. दुसरं घर मोतीशेठचं, धान्याच्या दुकानामागचं. तिथं भाभी गट्ट्याची भाजी वाढत. तिसरं रमजानच्या आईचं, खैरूनचाचीचं. भाजीचा धंदा करणारं बागवानाचं घर. तिथं खिचडा असे. सिस्टर प्रत्येक घराची कहाणी सांगायच्या, आणि दर खेपेला वेगळी सांगायच्या. एकदा नरसम्माचे सासरे बैलगाडीतून आले, पुढच्या खेपेला होडीतून. मी बाजूला घेऊन म्हटलं, "सिस्टर, मागच्या वेळी बैलगाडी होती."

"मागल्या टायमाला पाव्हणं म्हातारं हुतं, त्यांना होडी झेपली नसती," त्या म्हणाल्या. "नरसम्मा आली न्हवं? मग झालं."

पण एका बाबतीत त्या काही बदलू देत नसत. प्रत्येक घरातून निघताना मूठभर काहीतरी मागून घ्यायचं. नरसम्माकडून मासे खारवायचं जाडं मीठ. ("सुकट घेऊ नका, पुढं भाभी दारात उभं करायची न्हाय.") मोतीशेठकडून हुलगे. खैरूनचाचीकडून लसूण आणि हिरव्या मिरच्या. सगळं एका फडक्यात बांधायचं. ते फडकं धरायचं काम माझं. शेवटचं घर सिस्टरचं, स्टेशनमागच्या बौद्ध वस्तीत, निळ्या दाराचं. तिथं बुद्धांच्या तसबिरीखाली पंगत बसे आणि शेंगोळी वाढली जात. हुलग्याचं पीठ लसूण, मिरची, मीठ घालून मळायचं, बोटाएवढी वळी करून रश्श्यात शिजवायची, वर भाकरी.

हुलगे दळायला वेळ लागतो, म्हणून आज आणलेल्या हुलग्यांचं पीठ पुढच्या पाहुण्यांसाठी. "तुमी खाताय ते मागल्यांनी आणलेलं," त्या पहिल्या घासाआधी सांगत. "तुमचं पुढलं खातील. कुणाचं कुणी खाल्लं, कुणाला ठावं न्हाय. असंच चालतं."

मी दर खेपेला तिथं जेवत होतो. मात्र इंदापूरला आईकडं गेल्यावर सिस्टरच्या फेरीचं सगळं सांगायचो, शेवटचं घर सोडून. आईनं कधी विचारलं नाही. मीही कधी सांगितलं नाही. हे मला तेव्हा खोटेपणाचं वाटत नव्हतं. एक घर न सांगणं म्हणजे खोटं बोलणं थोडंच, असं वाटायचं.

मग माझं लग्न ठरत आलं. मुलगी कन्हेरीची. तिचे वडील बागायतदार, कमी बोलणारे, पांढरी टोपी, नजर खाली. बोलणी होत आली होती, सुपारी फुटायची होती. त्यांच्या कानावर फेरीची ख्याती गेली होती. ते भावकीतल्या माणसांना घेऊन आले. "मास्तर, तुमची ती खायाची वरात आमालाबी दावा," म्हणाले.

सिस्टर त्या दिवशी रंगात होत्या. नरसम्माचे सासरे या वेळी चक्क पोहत आले. मोतीशेठच्या अंगणात माझ्या होणाऱ्या सासऱ्यांना त्यांनी छत्रीनं टोचून विचारलं, "आबा, पोरगी द्यायच्या आधी पोरगा तपासला का? मी जलमाच्या टायमाला नव्हते, म्हणून इचारते." ते हसले. त्यांना मोठ्यानं हसताना मी त्या दिवशीच पाहिलं.

खैरूनचाचीच्या घरून सिस्टर नेहमी पुढं जात, भाकऱ्या टाकायला. मंडळींना मी घेऊन जायचं. त्या गेल्या. मी फडकं हातात घेऊन सगळ्यांना घेऊन निघालो. रेल्वेचं फाटक ओलांडलं की डावीकडं ती वस्ती. फाटकाशी माझे पाय थांबले. सुपारी फुटायची होती. भावकीची माणसं बरोबर होती. मुलगी मला मनापासून आवडली होती. तेवढ्यात शाळेचा शिपाई सायकलवरून समोरून आला, त्यानं नमस्कार केला, मी चार पावलं बाजूला जाऊन त्याच्याशी काहीबाही बोललो आणि परत येऊन म्हणालो,

"शेवटच्या घरी आत्ता जाता येणार नाही. निरोप आलाय. सिस्टरच्या घरात कुणीतरी गेलं. सुतक आहे."

माझ्या तोंडून ते इतकं सहज गेलं की मीच चकित झालो. दुसरं काहीही सांगता आलं असतं. पण आपल्याकडं सुतक म्हटलं की पुढं कुणी काही विचारत नाही.

आबांनी टोपी काढली. "आरं आरं. मग जाऊन टेकून येऊ की."

"आत्ता नको. आत्ता त्यांचीच माणसं असतील."

त्यांना मी एसटी स्टँडवर नेऊन बसवलं. गाडी गेल्यावर स्टँडमागच्या बाभळीखाली फडकं सोडलं, हुलगे, मीठ, लसूण सगळं तिथं ओतलं आणि फडकं झटकून खिशात घातलं.

दुसऱ्या दिवशी सिस्टरकडं गेलो. म्हणालो, पाहुण्यांची गाडी होती, उशीर झाला. त्या धुणं वाळत घालत होत्या. पाठमोऱ्याच म्हणाल्या, "व्हय. यस्टी काय कुणासाठी थांबती व्हय." मग जरा वेळानं, "शेंगोळी वस्तीतल्या पोरांनी खाल्ली. वाया न्हाय गेली." मला वाटलं, सुटलो.

पुढच्या फेरीला पुण्याची मंडळी आली. सिस्टरनी छत्री फिरवली आणि पाण्याकडं न वळता फाटकाकडं चालू लागल्या.

"सिस्टर, नरसम्माकडं?"

"मागनं. आजपास्नं पयलं माझं घर. हितं जेवंल त्यानं पुढं यावं."

निळ्या दारात त्यांनी माझ्यापुढं हात केला. "फडकं?" मी खिशातून काढून दिलं. त्यांनी ते उलगडलं, रिकामं पाहिलं, घडी घातली. "राहू द्या. पीठ हाय माझ्याजवळ." त्या दिवशी त्यांनी मला सगळ्यांत जास्त वाढलं. मी मान खाली घालून जेवलो. त्यांनी ओळखलं, एवढं मला कळलं. किती ओळखलं, ते कळलं नाही आणि विचारायची हिंमत झाली नाही. पाहुण्यांपुढं त्यांचं नेहमीचं वाक्य मात्र त्यांनी त्या दिवशी म्हटलं नाही, तुमी खाताय ते मागल्यांनी आणलेलं.

सुपारी फुटली. लग्न कन्हेरीला झालं. सिस्टर आल्या होत्या, मांडवाच्या कडेला बसल्या होत्या. मी माझ्या आईला म्हणालो, "या आमच्या गावच्या सिस्टर." आईनं हात जोडले. बस, एवढंच. ज्या बाईच्या हातचं मी वर्षानुवर्षं खाल्लं, तिच्याबद्दल आईला सांगायला माझ्याकडं तेवढंच वाक्य होतं. आबा मात्र उठून त्यांच्याजवळ जाऊन बसले आणि बराच वेळ बोलत राहिले. फेरीत ओळख झाली म्हणून असेल, असं मी धरलं.

नंतर मी बारामतीच्या शाळेत बदली करून घेतली. भिगवण काही लांब नाही, पण मी जाईनासा झालो. फेरी चालू आहे, पहिलं घर सिस्टरचंच आहे, हे कानावर येई. कधी बारामतीत एखादी पांढरी साडी आणि छत्री दिसली की मी दुकानात शिरत असे. सिस्टर असत्या तर त्यांनी छत्रीनं टोचून बाहेर काढलं असतं. त्या नसत.

दशक सरता सरता एका सकाळी रमजानचा फोन आला. सिस्टर गेल्या. आबा तेव्हा आमच्याकडं राहायला होते, डोळ्याच्या ऑपरेशनसाठी. हिरवी पट्टी बांधून खाटेवर बसले होते. मी त्यांना सांगितलं.

त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाले, "लई चांगली बाई. तिच्या हातची शेंगोळी म्या खाल्ल्याती."

मी म्हणालो, "मामा, तुम्ही त्यांच्याकडं कधी जेवलात? त्या दिवशी तर आपण परत फिरलो."

"मागनं गेलतो की. तुमी सुतक सांगितलं न्हवं? बाईनं आमाला सगळं गाव दावलं, हसीवलं, आन् तिच्या घरात मयत झालेलं. टेकायला नको जायाला? चौथ्या-पाचव्या दिशी गेलो. इचारलं, बाई, कोण गेलं वो?"

मी खाटेची कड धरली.

"बाई माझ्याकडं बघत ऱ्हायली. लई वेळ. मग म्हणली, गेलं कुणी न्हाय आबा. एकजण आजारी हाय. म्या म्हणलं, लई हाय का? म्हणली, हाय थोडं. पर पोरगं वाईट न्हाय, सुधरंल. मी नर्स हाय, मला कळतं. आन् म्हणली, आलायसा तर जेवून जावा, आमच्यात सुतक पाळत न्हायती."

"मग?"

"मग काय. जेवलो. घरी आलो आन् सुपारीचा दिस काढला." आबांनी पट्टीखालून गालावर आलेलं पाणी पुसलं, ऑपरेशनचंही असेल. "जावईबापू, तुमाला वाटलं असंल, म्या शाळा बघून, पगार बघून पोरगी दिली. म्या त्या बाईच्या शब्दावर दिली."

स्वयंपाकघराच्या दारात बायको उभी होती. तिनं सगळं ऐकलं होतं. तिनं मला एकच विचारलं. "बाबा तिथं जेवतील का, हे तुम्ही त्यांना विचारलं होतंत का?"

नव्हतं विचारलं. त्यांच्या वतीनं मीच ठरवलं होतं. इतकी वर्षं मी स्वतःला समजावत आलो की मी पाहुण्यांना घाबरलो, भावकीला घाबरलो, आईला घाबरलो. त्या फाटकाशी कुणीही कुणाला अडवलेलं नव्हतं. अडवणारा मीच होतो, आणि एका जित्या घरात मी मयत सांगितली होती. सिस्टरना हे कळलं होतं. कळूनही त्यांनी माझं लग्न मोडू दिलं नाही. मोडू दिलं असतं, तर निदान मला त्यांचा राग तरी करता आला असता.

मी चपला घातल्या. बायकोनं न सांगता डब्यातले मूठभर हुलगे एका धुतल्या रुमालात बांधले आणि माझ्या हातात दिले. आबा खाटेवरून उठू लागले.

"मामा, डोळ्याला वारा लागेल. तुम्ही राहा."

"गप बसा." त्यांनी टोपी चाचपून डोक्यावर घातली, काठी घेतली आणि दारापाशी येऊन थांबले. पट्टीमुळं त्यांना माझा चेहरा दिसत नव्हता, तरी ते माझ्याकडंच वळले.

"ह्या टायमाला तरी कुणी खरंच गेलंय न्हवं?"

"हो," मी म्हणालो.

"मग चला."