मैदानाकडे पाठ

श्रावण धकाते आमच्या धरमपेठेतल्या घराच्या मागच्या खोलीत आठ वर्षांपासून भाड्यानं राहतात. पोलीस शिपाई, आणि एके काळी पोलीस फुटबॉल संघाचे लेफ्ट हाफ.

मूळचे खाप्याचे, विणकराच्या घरातले. बाराव्या वर्षापासून खड्ड्यातल्या मागावर बसले. पायाखालच्या पट्ट्या आळीपाळीनं दाबून दोन्ही पाय सारखेच तयार झाले. संध्याकाळी कन्हानच्या वाळूत अनवाणी खेळताना हा चेंडू कोणत्या पायानं मारणार, ते समोरच्याला कळत नसे. १९६४ साली त्याच पायांवर त्यांची पोलिसात भरती झाली. पहिल्या सामन्यात अर्ध्यातूनच बूट काढून ठेवले.

"पाय एकीकडे जाय, बूट दुसरीकडे," असं ते सांगत.

खेळण्याचे वेगळे पैसे नव्हते. पहाटे सराव, मग चौकात ड्यूटी, आणि सामना असला की दोन तासांची सूट. सात वर्षं असे खेळले. मग कामठीच्या एका सामन्यात गुडघा गेला, आणि त्यानंतर सामन्यांच्या बंदोबस्ताला त्यांचं नाव लागू लागलं.

बंदोबस्तातल्या पोलिसानं कडेनं बांधलेल्या आडव्या बांबूला लागून, लोकांकडे तोंड आणि मैदानाकडे पाठ करून उभं राहायचं असतं. मी एकदा विचारलं, "श्रावणभाऊ, जीव कसा राहतो हो तुमचा?"

"लोकायच्या तोंडावर सारी मॅच दिसते, वहिनी. कॉर्नर असला की माना लांब होतात. फाऊल झाला की तोंड आधी उघडते, शिवी मागून येते."

१९७६ च्या अंतिम सामन्याला आमच्या ह्यांनी नऊ वर्षांच्या लेकीला, पुष्पलताला, नेलं. धकातेकाका तिथं आहेत म्हणून ती हट्टानं अगदी पुढं, त्यांच्यासमोर जाऊन बसली. शेवटच्या मिनिटांत पोलीस संघाला पेनल्टी मिळाली. सात वर्षं त्या संघाच्या पेनल्ट्या श्रावणभाऊंनी मारल्या होत्या. ते मागे वळले.

तेवढ्यात मागचे लोक उठून पुढं रेटले आणि बांबू कोसळला. पुष्पाच्या मनगटाचं हाड मोडलं. श्रावणभाऊ तिच्यावर ओणवे झाले आणि लोक हटेपर्यंत बांबू त्यांनी पाठीवर तोलून धरला. मग त्याच गुडघ्यानं धावत तिला दवाखान्यात नेलं. पण हे मला नंतर कळलं. आधी कळलं ते एवढंच, की काका मागे बघत होते. मी त्यांच्याशी बोलणं सोडलं.

चौथ्या दिवशी ते दारात येऊन उभे राहिले. आत या, असं मी म्हटलं नाही.

"उद्या साहेब चौकशीले येतीन, वहिनी. पोरीले विचारतीन, मी कुठं पाहून राहिलो होतो."

"मग?"

"मी लिहून देलं, का लोकायकडंच पाहत होतो."

जूनमध्ये ते हवालदार होणार होते. आता नोकरीच टिकते की नाही, अशी वेळ होती. वळताना त्यांना पाहणारी, नावानिशी सांगू शकेल अशी एकटी माझी मुलगी होती.

"पुष्पा खोटं बोलणार नाही," मी म्हटलं.

"तिले खोटं बोलाले सांगूच नका." आतून पुष्पाचा आवाज आला, "काका, माझ्या प्लॅस्टरवर नाव लिहा ना."

ते आत गेले नाहीत. मला म्हणाले, "कागद घ्या. दुसरं बयान लिहून द्या मले. तिले काहून साहेबासमोर उभी करू मी?"

त्यांचे रजेचे अर्ज नेहमी मीच लिहायची. त्या दिवशीही मीच लिहिलं: पेनल्टीच्या वेळी मी मैदानाकडे वळलो होतो, पहिलं बयान खोटं आहे.

"किती वेळ वळला होता?"

"तो धावत आला, मारला. तेवढाच."

"गोल झाला?"

"झाला," ते म्हणाले, आणि तोंड दुसरीकडे केलं.

बांबू पाठीवर धरल्याचं पुष्पानं सांगितलं होतं, तेही मी लिहिलं. ते नको म्हणाले. म्हणाले, आपली तारीफ आपणच कशी करायची. मग मी वेगळा कागद घेतला, त्यावर बांबूचं लिहून मुलीची आई म्हणून माझी सही केली आणि दुसऱ्या दिवशी साहेबांच्या हातात दिला. नोकरी राहिली. हवालदारी तीन वर्षं लांबली, ती यंदा मिळाली.

फीत लागल्यावरही गेल्या महिन्यात ते बंदोबस्तालाच होते. पुष्पा आता बारा वर्षांची. तिला एकटीला सोडायला माझं मन होईना, म्हणून मीही गेले. ती थेट त्यांच्यासमोर जाऊन बसली. पुन्हा पोलीस संघाची पेनल्टी आली. सगळं मैदान उठून उभं राहिलं. मी पुष्पाचं मनगट घट्ट धरलं आणि डोळे मिटून घेतले. उघडले तेव्हा श्रावणभाऊ तसेच उभे होते, आमच्याकडे तोंड करून.

परतताना ते सायकल हातात धरून आमच्यासोबत चालत होते. म्हणाले, "अंदर गेला का बाहेर?"

"बाहेर," पुष्पा म्हणाली. "वरून गेला. तुम्हाला कळलं नाही?"

"तुही माय डोळे मिटून बसली होती. कसं कळन मले?"

"बाकीचे इतके लोक होते की समोर," मी म्हटलं.

"होते ना," ते म्हणाले. "पण मी पोरीच्या हाताकडं पाहून राहिलो होतो."