विरोधातलं एक मत

समोरच्या माणसाने पत्र पुढे केलं की आमचे वकीलसाहेब चष्मा काढत, पत्र उलटं करून टेबलावर ठेवत आणि म्हणत, "कागद राहू द्या. काय झालं ते सांगा." तुमच्यापैकी कुणी त्यांच्यासमोर बसलं असेल, तर आठवेल.

इथे परदेशात, ओटाहुहू उपनगरात एका डेअरीच्या वरच्या मजल्यावर त्यांचं ऑफिस होतं. डेअरी म्हणजे इथलं कोपऱ्यावरचं दुकान. दूध-पाव घ्यायला आलेली माणसं सल्ला विचारायला वर येत. मी तिथे टायपिंगपासून चहापर्यंत सगळं केलं. साहेब मूळचे पुण्याचे. तरी विचारल्याशिवाय सल्ला देत नाहीत, याचं माझ्या नवऱ्याला फार नवल वाटे.

एकदा कोल्हापूरकडची एक नर्स आली. रेस्ट होमचा, म्हणजे इथल्या वृद्धाश्रमाचा, मालक तिला सलग दोन-दोन पाळ्या करायला लावायचा. तिने तक्रार केली, तर नोकरी गेली. व्हिसा त्याच नोकरीला बांधलेला, म्हणून इथे राहण्याचा हक्कही गेला. साहेबांनी केस जीव तोडून लढवली आणि हरले. नियमच तसा होता. तिला विमानतळावर सोडून आल्यावर ते मला म्हणाले, "नियम चुकीचा असेल तर वकील काय करणार? नियम करतात तिथे जायला हवं."

पुढच्या निवडणुकीला ते उभे राहिले. पार पापाकुरापर्यंत दारोदार हिंडले. हा माणूस मत मागायला आलाय हे विसरून लोक त्यांना आपली गाऱ्हाणीच सांगत बसत. दुपारभरात तीनच घरं व्हायची. तरी निवडून आले, खासदार झाले.

तिसऱ्या वर्षी त्यांच्याच पक्षाने तो नियम आणखी कडक करणारा कायदा आणला. आपण विरोधात मत देणार, हे साहेबांनी नेत्यांना आधीच भेटून सांगितलं. याचे परिणाम काय होतील, तेही नेत्यांनी त्यांना सांगितलं. साहेबांनी विरोधात मत दिलं. कायदा झालाच, आणि पुढच्या वेळी पक्षाने त्यांना उमेदवारी दिली नाही.

ते ऑफिसात परतले तेव्हा मी धीर द्यायला काहीबाही बोलले. "एका मताने काय होतं, ते आता मला नीट कळलं," ते हसून म्हणाले. पण कितीतरी दिवस जेवणाचा डबा भरलेलाच घरी जात होता.

गेल्या हिवाळ्यात साहेब गेले. अचानक.

दोन महिन्यांनी ती नर्स जिना चढून वर आली. एका हॉस्पिटलमध्ये नवी नोकरी मिळवून, नवा व्हिसा घेऊन ती परतली होती. साहेब कुठे आहेत, असं तिने विचारलं. मी सांगितलं.

ती म्हणाली, "कायदा झाला त्या दिवशी त्यांचा फोन आला होता. थांबवता आला नाही, माफ करा, म्हणाले. ताई, माझी नोकरी गेली, केस गेली, देश सोडावा लागला. त्या सगळ्यात माझी माफी मागितली ती एकट्या त्यांनी. आणि चूक त्यांची नव्हतीच."

त्या फोनबद्दल साहेब माझ्याशी कधीच बोलले नव्हते. मी त्यांच्या खोलीचं दार उघडून दिलं. ती आत गेली नाही. दाराशी बूट काढून नुसती उभी राहिली.