गृहीतक सिद्ध होत नाही

नातवंडांनो, गेल्या महिन्यात तुमच्यातल्या मधलीने मला फोनवर विचारलं, शाळेच्या विज्ञान प्रकल्पाच्या कागदावर 'हायपोथेसिस', म्हणजे गृहीतक, असा एक चौकोन आहे, त्यात लिहिलेलं पुढे चुकीचं निघालं तर गुण जातात का. जात नाहीत, असं मी सांगितलं आणि आम्ही दुसऱ्या विषयाकडे वळलो. उत्तर बरोबर होतं, पण अपुरं होतं. मी सगळी नोकरी कॉलेजात इंग्रजी शिकवण्यात घालवली, तरी ही गोष्ट मला निवृत्तीनंतर कळली. कशी कळली ते लिहून ठेवते.

निवृत्तीनंतर एका वर्षी माझी एक जुनी विद्यार्थिनी दर रविवारी सकाळी माझ्याकडे निपाणीच्या घरी येत असे. सदलग्याच्या एका कॉलेजात ती गेस्ट लेक्चरर होती, म्हणजे वर्ष संपलं की नेमणूकही संपे. पीएच.डी. झाली तर कायमच्या जागेसाठी अर्ज करता येणार होता आणि वयाची मर्यादा जवळ आली होती. त्यामुळे प्रबंध त्याच वर्षी द्यायला हवा होता आणि तो पास व्हायला हवा होता. तिची आई इथेच विड्या वळत असे. कॉलेजात गेलेली घरातली ती पहिलीच. प्रबंध मराठीत होता, पण विद्यापीठाला इंग्रजी सारांश लागतो. त्यासाठी ती यायची.

विषय मला आवडला होता. आपल्या सीमाभागातली माणसं मनातल्या मनात कोणत्या भाषेत मोजतात? इथे एकाच घरात थोरला मराठी शाळेत, मधला कन्नड शाळेत आणि धाकटा इंग्रजी शाळेत गेलेला असतो. तिचं गृहीतक एका वाक्याचं होतं: माणूस ज्या भाषेत शाळा शिकतो, त्याच भाषेत तो मोजतो.

पहिल्या रविवारी मी शेवटचं प्रकरण उघडलं. तिथे टाइप केलेलं होतं, 'वरील विवेचनावरून गृहीतक सिद्ध होते.' तिच्या पिशवीत मात्र निम्म्याहून जास्त प्रश्नावल्या कोऱ्या होत्या.

"हे आधीच कसं सिद्ध झालं गं?"

"ते डीटीपीवाल्या अण्णांनी घातलंय, मॅडम. सगळ्यांच्या प्रबंधात असतंय म्हणे. त्यांच्याकडं ते वाक्य तयारच आहे."

"आणि तू काढलं नाहीस?"

"गृहीतक म्हणजे गृहीत धरलेलं. ते खरं असणारच, म्हणून तर धरलंय."

मला त्यात फारशी चूक दिसली नाही. मी 'विवेचनावरून'चं इंग्रजी काय करावं याचा विचार करत होते.

एक प्रश्नावली तिने मलाही दिली. शाळेचं माध्यम: इंग्रजी. मोजण्याची भाषा: इंग्रजी. मी दोन्ही उत्तरं नीट अक्षरात लिहिली आणि खाली सही केली. मग चहा उकळेपर्यंत आठवड्याच्या गोळ्या डबीच्या सात खणांत भरायला बसले. हे काम मी रविवारीच करते.

"मॅडम," ती म्हणाली, "तुम्ही आत्ता मराठीत मोजलंत."

"नाही."

"तीन, चार, पाच म्हणालात. मी ऐकलं."

मला ते आवडलं नाही. मी डबी रिकामी करून पुन्हा भरायला घेतली आणि मुद्दाम इंग्रजीत मोजू लागले. बुधवारच्या खणात दोन गोळ्या जास्त पडल्या. ती हसली नाही, ही तिची सभ्यता. तिची नजर माझ्या सहीच्या कागदावर होती.

"तू लोकांना विचारत फिरलीस," मी म्हटलं. "कुणाला मोजताना ऐकलंस?"

"विचारल्यावर सांगतात की."

"मीही सांगितलंच होतं."

त्यानंतर दोन रविवार ती आली नाही. तिसऱ्या रविवारी आली तेव्हा सारांशाचे कागद तिने बाहेर काढलेच नाहीत, मोबाइल काढला. त्यात तिच्या आईचा आवाज होता. आई चौथीपर्यंत मराठी शाळेत गेलेली, घरात आणि गल्लीत मराठी बोलणारी. तिच्या प्रश्नावलीत मोजण्याची भाषा मराठी लिहिलेली होती. मोबाइलवर पानं कातरल्याचा आवाज येत होता आणि त्याच्या खाली, अगदी पुटपुटल्यासारखे, कन्नड आकडे: ओंदु, यरडु, मूरु, नाक्कु.

"आईला ऐकवलंस?"

"ऐकवलं. पहिल्यांदा म्हणाली, मी कवा मोजलं कन्नडात, कायबी बोलू नगंस. मग परत लाव म्हणाली. परत ऐकलं आणि म्हणाली, ह्यो माझा आवाजच न्हाय, ही म्हातारी बोलालीया."

"कोण म्हातारी?"

"आईला लहानपणी शेजारच्या एका आज्जीनं विड्या वळायला शिकवलं. त्या कन्नड बोलायच्या. मी त्यांना बघितलेलं नाही."

ती दोन्ही आठवडे आईसोबत विड्या वळणाऱ्या बायकांमध्ये बसून आली होती. सगळ्यांचं असं नव्हतं, पण बऱ्याच जणींचं तोंडाने सांगितलेलं आणि कानाने ऐकलेलं जुळत नव्हतं. कोगनोळीला दोन भाजीवाल्या बहिणी होत्या, एकाच शाळेत शिकलेल्या, आणि दोघींची मोजायची भाषा वेगळी होती.

"आता काय करणार?"

"ज्यांचं असं निघालं त्यांचे कागद बाजूला काढते. नाहीतर मी नापास."

"कुणी सांगितलं?"

"गाईड सर म्हणाले, गृहीतकच सिद्ध झालं नाही तर प्रबंधात राहिलं काय? आणि मॅडम, ते चूक बोलत नाहीत. पुढच्या वर्षी माझं वय बसत नाही."

सरांवर राग धरण्यात अर्थ नव्हता. त्यांच्या आधीच्यांनी त्यांना तेच शिकवलं होतं, आणि मीही वर्गात बरोबर उत्तरालाच गुण देत आले होते. मी तिला विचारलं, तुमच्या कॉलेजात कन्नडचे प्राध्यापक 'गृहीतक' या शब्दाला काय म्हणतात?

"ऊहे."

"म्हणजे?"

"ऊहे म्हणजे अंदाज."

"अंदाज चुकला तर नापास कोण होतं?"

तिने चहाचा कप खाली ठेवला. मग म्हणाली, "अंदाज."

हे एवढं सोपं नव्हतं, हे दोघींनाही माहीत होतं. नोकरी तिची जाणार होती, माझी नाही. म्हणून मी कागद काढू नकोस असं सांगितलं नाही. एवढंच म्हटलं की, काढलेस तर इंग्रजी सारांश दुसऱ्या कुणाकडून करून घे. आजही मला वाटतं, तेसुद्धा जास्तच झालं.

चार दिवसांनी तिने फोन करून डीटीपीच्या दुकानात येता का, असं विचारलं. मी गेले. खुर्चीवर अण्णा बसले होते. त्यांच्यासमोर तिच्या हाताने दुरुस्त केलेलं शेवटचं पान होतं: 'गृहीतक सिद्ध होत नाही.'

"होत नाही?" त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं. "बाई, एवढी वर्षं झाली, असं कुणी लिहून आणलेलं न्हाय. उद्या तुम्हीच म्हणशीला, अण्णांनी चूक केली."

"मी म्हणणार नाही," ती म्हणाली.

"सरांची सही आणा पानावर. मग टाइप करतो."

सही मिळायला आठ दिवस लागले. सरांनी पान दोनदा वाचलं म्हणे आणि 'बाहेरचे परीक्षक काय म्हणतील ते तुझं तू बघ' असं सांगून सही केली. प्रबंध सगळ्या कागदांसकट गेला. इंग्रजी सारांश मी लिहिला.

मौखिक परीक्षा बेळगावला झाली. ती सगळ्यांना खुली असते म्हणून मी मागच्या रांगेत बसले होते. तिची आईही आली होती, इस्त्री केलेलं नऊवारी नेसून. बाहेरून आलेले परीक्षक वयस्कर होते. त्यांनी शेवटचं पान उघडून ठेवलं. मागे बसून मला त्यांचा चेहरा वाचता येत नव्हता. मग त्यांनी विचारलं, "तुमचं गृहीतक टिकलं नाही, हे तुम्ही लिहिलं आहे. मग माणूस शाळेच्या भाषेत मोजत नाही, तर कोणत्या भाषेत मोजतो?"

उत्तर तिच्याकडे होतं. मलाही ते ठाऊक होतं: ज्याने काम शिकवलं, त्याच्या भाषेत. तिची आई माझ्यापासून दोन खुर्च्या सोडून पलीकडे बसली होती. मुलीने आईकडे पाहिलं आणि ती पुन्हा परीक्षकांकडे वळली.

"माझा एक अंदाज आहे, सर," ती म्हणाली. "पण तो मी तपासलेला नाही."

परीक्षकांनी मान हलवली आणि समोरच्या कागदावर काहीतरी लिहिलं. पदवी द्यावी अशी शिफारस अर्ध्या तासाने वाचून दाखवली गेली. मधला तो अर्धा तास आम्ही तिघी बाहेरच्या बाकावर बसलो होतो. आईने मला विचारलं, "बाई, न्हाय म्हनलं तरी पास करत्यात व्हय?" मला माहीत नव्हतं, आणि मी तसंच सांगितलं.