तिसऱ्या घंटेचे म्हैसाळकर

उपेंद्र म्हैसाळकर जन्मभर अर्ध्या मात्रेने मागे राहिला. फार नाही, अर्धीच. मिरजेत त्याच्या आईचं, शोभनाबाईंचं, भजनी मंडळ होतं, त्यामुळे पोराच्या हातात झांजा येणारच होत्या. त्या आल्या आणि आठवड्याभरात गेल्या. आरतीत सगळ्यांची टाळी पडून गेली की मागून एक एकटी टाळी यायची, ती उपेंद्रची. पुण्यात इंजिनिअरिंगला असताना तो हौसेने ढोलपथकात गेला, तर पथकप्रमुखाने प्रेमाने खांद्यावर हात ठेवून त्याला गर्दी आवरायला पाठवलं. नाटकालासुद्धा तो तिसऱ्या घंटेनंतरच पोचायचा. लोकांना वाटायचं, हा सगळं हसण्यावारी नेतो. पण त्याला ते फार लागायचं. वाजवायची हौस दांडगी आणि हात मात्र मनाच्या मागून धावणारे, ही देवाने त्याची केलेली थट्टाच होती.

नोकरीने त्याला आयर्लंडात, शॅननला आणलं. तिथे वैद्यकीय उपकरणांच्या एका कारखान्यात तो क्वालिटीत होता, म्हणजे दिवसभर दुसऱ्यांच्या चुका शोधायच्या, आणि त्या कामात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता. घर घेतलं जवळच्याच एका छोट्या गावात. बायको केतकी, मुलगी ईशानी, दारात गाडी, मागे हिरवळ, वर ढग. गावात प्रोटेस्टंटांचं एक जुनं दगडी चर्च होतं. त्याच्या फाटकावर एक दिवस कागद लागला: घंटा वाजवायला माणसं हवीत, संगीताचं ज्ञान नको. उपेंद्रने तो कागद उभ्या उभ्या पुन्हा पुन्हा वाचला. संगीताचं ज्ञान नको असं वाद्य जगात असेल तर ते आपल्याचसाठी केलेलं आहे, अशी त्याची खात्री पटली.

ही विद्या मूळची इंग्रजांची. बाकीच्या युरोपात घंटांवर धून वाजवतात. इंग्रजांनी साडेतीनशे-चारशे वर्षांपूर्वी घंटेला भलंमोठं चाक बसवलं आणि ती अख्खी गोल फिरवायला सुरुवात केली. दोरी ओढली की पालथं तोंड वर येईपर्यंत घंटा फिरते, ठोका देते आणि तोलावर थांबते. एका ओढीला एकच ठोका. मग सहा माणसं सहा दोऱ्या धरून गोलात उभी राहतात, एकापाठोपाठ एकेक ठोका देतात आणि त्या क्रमाची अदलाबदल करत बसतात. सूर नाही, ताल म्हणावा तर तोही नाही, फक्त आपली पाळी आली की हजर व्हायचं. इंग्रज जिथे गेले तिथे आपल्या सवयी टाकून आले. आपल्याकडे क्रिकेट राहिलं, आयर्लंडातल्या काही चर्चांच्या बुरुजांत या घंटा राहिल्या.

बुरुजाचा म्होरक्या होता सेसिल, ऐंशीला टेकलेला गाईवाला शेतकरी. गावातल्या प्रत्येक प्रोटेस्टंट लग्नाला आणि मयताला त्याने साठ वर्षं घंटा वाजवली होती. बोलणं अगदी बेताचं. उपेंद्रने पहिल्या दिवशी दोरी ओढली, ठोका उशिरा पडला, सेसिल म्हणाला, "ग्रँड." दुसऱ्या मंगळवारी तसाच पडला, तेव्हाही "ग्रँड." उपेंद्र घरी येऊन केतकीला सांगायचा, "अगं, म्हातारा खूश आहे माझ्यावर." आयर्लंडात ग्रँड हा शब्द अप्रतिमपासून वाटोळ्यापर्यंत कशालाही चालतो, हे त्याला कळायला वर्ष लागलं.

मंगळवार हा सरावाचा वार. त्या दिवशी उपेंद्र तिसरी घंटा धरायचा. रविवारी, खऱ्या प्रार्थनेच्या वेळी, मात्र त्याच्याकडे दारात उभं राहून येणाऱ्यांना नमस्कार-चमत्कार करायचं काम असे. त्याने विचारलं की सेसिल म्हणायचा, "बघू, पुढच्या रविवारी." असे पुढचे रविवार बरेच गेले. शेवटी एकदा सगळ्यांसमोर उपेंद्रने धीर करून विचारलं, "मी गावासमोर वाजवणार तरी कधी?" सेसिलने टोपी मागे सारली. "माझ्या मयताला वाजव. मला काही ऐकू येणार नाही." बुरुजात हशा पिकला. मग तो उपेंद्रकडे वळून हळूच म्हणाला, "खरंच वाजव हं." उपेंद्रने मान डोलावली.

पुढे २०२० उजाडलं. शोभनाबाई तीन महिन्यांसाठी लेकाकडे आल्या आणि विमानं बंद झाली. बुरुजालाही कुलूप लागलं. बाईंनी वर्षभर केतकीच्या किचनवर राज्य केलं. प्रेसमधली, म्हणजे कपाटातली, बरणीन् बरणी जागची हलवली. आणि २०२१च्या जानेवारीत, सगळं पुन्हा बंद असताना, सेसिल झोपेतच गेला.

मयताला चर्चमध्ये दहाच माणसांना परवानगी होती. बाकीचं गाव रस्त्याच्या कडेला अंतर राखून उभं राहिलं आणि शवपेटीची गाडी त्यांच्यामधून हळूहळू गेली. उपेंद्रही हातात टोपी घेऊन तिथे होता. ज्याने साठ वर्षं सगळ्यांना घंटा वाजवून पोचवलं, तो मुकाट्याने गेला. वर बुरूज गप्प होता. उपेंद्र घरी आला आणि जेवला नाही. "मी शब्द दिला होता," एवढंच म्हणाला. शोभनाबाईंनी त्याच्यापुढे ताक-भात ठेवला आणि त्या दिवशी त्याला एका शब्दानेही टोकलं नाही.

मे महिन्यात चर्च उघडलं. सेसिलची बायको हेझल आता बुरुजाची म्होरकी झाली होती. तिने उपेंद्रला कबुतरांची घाण काढायला बोलावलं. तो आईलाही पाय मोकळे करायला घेऊन गेला. तो झाडू शोधायला वळला तेवढ्यात शोभनाबाईंनी चपला काढल्या, पदर डोक्यावर घेतला आणि समोर लोंबणारी दोरी धरून दणकून ओढली.

सव्वा वर्ष मुक्या असलेल्या गावावर एक ठोका पडला. मग, देवाला नीट ऐकू गेलं नसेल म्हणून, दुसरा.

"आई! अगं काय करतेस! इथे परवानगी लागते!"

"देवाच्या दारात आल्यावर वर्दी नको द्यायला?" शोभनाबाई म्हणाल्या. "आली आणि तशीच गेली, तो काय म्हणंल? देव कुणाचा का असंना."

उपेंद्र घामाघूम होऊन बाहेर आला. समोरचा खाटीक नोएल हातात सुरा घेऊन रस्त्यात उभा होता. दोन बायका सायकलवरून उतरल्या होत्या. एकीने डोळे पुसले. "घंटा परत आल्या का?" नोएलने विचारलं. संध्याकाळपर्यंत हेझलचा फोन थांबेना. सगळ्यांचा प्रश्न तोच.

हेझलने मग मनावर घेतलं. सप्टेंबरात सेसिलची स्मरणप्रार्थना ठेवायची आणि घंटा वाजवायच्याच. पण वरून नियम आले होते: मास्क, उघडी दारं, पाव तासाच्या आत आटपायचं आणि दोन वाजवणाऱ्यांमध्ये दोन मीटर. दोऱ्या तर हाताहातावर. एकाच घरातली माणसं असतील तरच शेजारी उभी राहू शकत होती. जुन्या वाजवणाऱ्यांपैकी पोस्टातून निवृत्त झालेला एकटा राहायचा, शाळेतली बाई दोन मांजरांबरोबर, बाकीचेही तसेच. हेझलने चहाच्या कपावरून उपेंद्रकडे रोखून पाहिलं. "तुमच्या घरात माणसं किती?"

"चार," उपेंद्र म्हणाला.

"सगळी एका छताखाली?"

"हो ना," तो जरा वरमून म्हणाला. "आईला परत जाताच आलं नाही."

हेझलने कप खाली ठेवला आणि सेसिल गेल्यापासून पहिल्यांदा ती मनापासून हसली.

अशा तऱ्हेने मिरजेचं म्हैसाळकर घराणं घंटेला लागलं. पहिलीला शोभनाबाई, दुसरीला ईशानी, तिसरीला उपेंद्र, चौथीला केतकी. पाचवी नियमापायी रिकामी. आणि दाराजवळच्या कोपऱ्यातल्या, पहिलीपासूनही लांब असलेल्या, सर्वांत जड सहावीला, सेसिलच्या जागी, हेझल. उन्हाळाभर शिकवणी चालली. शोभनाबाई साडीचा पदर खोचून अशा उभ्या राहायच्या की दोरीची काय बिशाद. आयुष्यभर भजन्यांना दटावून तालावर आणलेली बाई ती, महिन्याभरात घड्याळासारखी वाजवू लागली. ईशानीला तर ते फोन चाळता चाळता जमलं असतं. केतकीनेही जिद्दीने पकडलं.

राहिला उपेंद्र. त्याला वगळता येत नव्हतं. त्याची जागा घ्यायला त्याच घरातलं माणूस हवं आणि घरात पाचवं कोणी नव्हतं. सरकारी नियमाने अपरिहार्य झालेला तो बहुधा पहिलाच वादक. आई ओरडायची, "अरं, किती वेळ लावालायस? आवर की!" केतकी आकडे मोजून द्यायची. ईशानी नुसती म्हणायची, "बाबा, यू आर लेट. अगेन." घरी जेवतानासुद्धा तो टेबलावर बोटाने ठोके मोजायचा. जितकं मोजावं तितका उशीर व्हायचा. एकदा रात्रीची भांडी विसळताना तो केतकीला म्हणाला, "मी नाही वाजवलं तर शब्द मोडतो, आणि वाजवलं तर सेसिलच्या प्रार्थनेची माती करतो."

शेवटच्या सरावाला हेझलने सगळ्यांना थांबवलं. "त्याच्यामागे लागणं बंद करा," ती म्हणाली. "सेसिल कधी लागला नाही. मंगळवारी तो सगळ्यांना बजावायचा, उपेंद्रसाठी जागा ठेवा. ईशानी, तू जराशी लांबव. केतकी, तू त्याची वाट बघ. मी मागून सांभाळते." तसं केलं आणि पहिल्यांदाच ते वाजवणं कानाला बरं लागलं. थोडं लंगडत होतं, पण चालत होतं. उपेंद्रला मात्र कानकोंडं झालं. इतकी वर्षं त्याला वाटत होतं की मंगळवारी तरी आपण बऱ्यापैकी वाजवतो.

तो रविवार आला. उपेंद्रने आदल्या दिवशी वर चढून प्रत्येक घंटेच्या लोळीच्या, म्हणजे आतल्या टोल्याच्या, एका अंगाला चामड्याची गादी बांधली होती. मयताची तीच रीत. त्यामुळे ठोक्यांची एक फेरी खणखणीत वाजते आणि पुढची, तीच फेरी, गावाबाहेरून आल्यासारखी दबकी. आत चर्च भरलं होतं, बाहेर भिंतीशी गाव उभं होतं; नोएलसारखे कॅथलिक, जे या चर्चात जन्मात शिरले नव्हते, तेसुद्धा. कोपऱ्यातल्या खिळ्यावर सेसिलची टोपी अजून तशीच होती. उपेंद्रने ती पाहिली आणि त्याचे डोळे भरून आले.

शोभनाबाईंनी सुरुवात केली. त्यांचा ठोका पडला. ईशानी ठरल्याप्रमाणे जराशी थांबली, आणि नेमक्या त्याच क्षणी, तिच्या ठोक्यावरच, धाडकन तिसरी घंटा पडली. उपेंद्र वेळेवर आला होता! टोपी बघता बघता तो मोजायचंच विसरला होता आणि हात प्रथमच आपापले, ठाकठीक पोचले होते. पुढे केतकी त्याची वाट बघत थांबलेली, म्हणून तिथे भोक. दुसऱ्या फेरीत तेच. तिसऱ्या फेरीत सगळं एकमेकांच्या अंगावर कोसळायला लागलं.

"बाबा, बी लेट!" ईशानी किंचाळली.

"उपेंद्र, काय चाललंय!" केतकी.

आणि ज्या माउलीने चाळीस वर्षं त्याला आवर, पळ, उरक म्हणून हैराण केलं होतं, ती दोरीसकट वर होत मास्कमधून ओरडली, "अरं, उशीर कर की रं! जरा उशीर कर!"

उपेंद्र भानावर आला. त्याने घाईघाईने मनात मोजायला घेतलं, एक, दोन, आणि लगेच अर्ध्या मात्रेने मागे पडला. ईशानीने जागा सोडलीच होती, तो त्या जागेत अलगद जाऊन बसला. मागून केतकी आली, कोपऱ्यातून हेझलची जड घंटा आली. एक फेरी खणखणीत, एक दबकी. लंगडत, पण न चुकता, पाव तास होईपर्यंत घंटा चालत राहिल्या. मास्क ओला झाला तरी उपेंद्र मोजायचा थांबला नाही.

बाहेर आल्यावर त्याला कोणाच्या तोंडाकडे बघवेना. त्याने सरळ नोएलची माफी मागितली. "सुरुवातीला फार घोळ झाला."

"सुरुवातीला कोण वाजवत होतं?" नोएल म्हणाला. "मला कळेचना. म्हटलं, बाहेरून माणसं आणलीत की काय. मग ती लंगडी घंटा आली. मंगळवारी ती ऐकली की मी दुकान बंद करायचो." त्याने बुरुजाकडे मान केली. "म्हटलं, हां. सेसिलची माणसं आहेत."

उपेंद्र तिथेच भिंतीला टेकून रडला. शोभनाबाईंनी पदराने त्याचं तोंड पुसलं, तेही सगळ्या गावासमोर, आणि त्याने पुसू दिलं.

हेझल बुरुजाला कुलूप लावून खाली आली. हातात सेसिलची टोपी होती. तिने ती झटकली, उपेंद्रकडे एकदा पाहिलं.

"रविवारी पावणेअकरा," ती म्हणाली. "चौघंही. तिसरी तुझी."

"येत्या रविवारी?" उपेंद्रने विचारलं.

"येत्याच. आणि उशीर करायला विसरू नकोस."